गेलेल्या वासाचं अपील

शिरवण्यात उन्हाळा लागला की शिवराम पाटलांच्या कांडपावर बायकांची रांग लागायची. पिशव्यांत वाळवलेल्या मिरच्या, धणे, दगडफूल, जायपत्री घेऊन आलेली बाई आधी आत डोकावून बघायची, कढईपाशी चांगुणाबाई आहेत का. नसल्या तर पुष्कळजणी पिशवी उचलून, उद्या येते, म्हणत परत जायच्या. मिरच्या कुटायचं काम डंक करतो, ते कुठेही सारखंच. मसाला जमतो किंवा बिघडतो तो भाजताना, आणि भाजावं चांगुणाबाईंनी, असं नेरूळपासून जुईनगरपर्यंतच्या बायकांचं मत होतं.

त्या मूळच्या मंडणगडकडच्या. यजमान सिताराम तुर्भ्याच्या एका कारखान्यात पॅकिंगला होते, आता निवृत्त होऊन घरी असायचे. एकुलती मुलगी मैत्री लग्न होऊन उरणला गेली होती. जावई सुगत तिथल्या कंटेनर यार्डात सुपरवायझर. चांगुणाबाई भाजायला बसल्या की कढईकडे फार बघायच्या नाहीत. शेजारच्या बाईशी गप्पा चालायच्या, उलथनं आपलं फिरत राहायचं, आणि मधेच वाक्य अर्धं सोडून त्या कढई उतरवायच्या. कसं कळतं, असं कुणी विचारलं तर त्यांना धड सांगता यायचं नाही. धण्याचा कच्चा वास जातो, मग गोड वास येतो, तो पुढे सरकायच्या आत उतरवायचं, एवढंच त्या म्हणायच्या.

अपघात झाला तो भर दुपारी, तुर्भ्याला. शिवरामशेठनी सांगितलेलं सामान घेऊन त्या मार्केटबाहेरच्या रस्त्याने निघाल्या होत्या. गोदामाच्या गल्लीतून एक टेम्पो रिव्हर्समध्ये मागे येत होता. ड्रायव्हर मोबाईलवर बोलत होता आणि मागे बघायला कोणी नव्हतं. चांगुणाबाईंना पुढचं एवढंच आठवतं, की हातातली पिशवी फुटली आणि सगळीकडे लवंगांचा वास पसरला. इतका दाट, की त्यात पडताना त्यांना भीतीसुद्धा वाटली नाही. मग दुभाजकाच्या दगडावर डोकं आपटलं.

जागेपणी त्यांनी घेतलेला तो शेवटचा वास. तेव्हा अर्थात हे त्यांना ठाऊक नव्हतं.

शुद्धीवर आल्या तेव्हा खिडकीतून पांढरं ऊन आत आलं होतं. पाय प्लास्टरमध्ये, डोक्याला पट्टी. सिताराम बाजूच्या स्टुलावर बसले होते. सगळं लांबून दिसावं तसं दिसत होतं, आवाज पाण्याखालून येत होते. हॉस्पिटलला हॉस्पिटलचा वास नव्हता. त्यांना ते बरंच वाटलं. फिनेल, औषधं, शेजारच्या खाटेवरचं आजारपण, काहीच जवळ येत नव्हतं.

घरी आल्यावरही तेच. सितारामांनी चहा केला. तो गरम होता, गोड होता, आणि त्यापलीकडे तो चहा नव्हता. भाताला वाफ होती, वास नव्हता. पावडर लावली तर अंगावर नुसता मऊपणा. चांगुणाबाईंना वाटायचं, आपण अजून औषधाच्या गुंगीत आहोत, कुणीतरी सगळं घर धुऊन, वाळवून, घडी घालून पुन्हा जागच्या जागी ठेवलंय. गुंगी उतरेल. मग एक दिवस त्या गॅससमोर खुर्ची टाकून बसल्या असताना सिताराम बाहेरून धावत आले. डाळ करपून कोळसा झाली होती, धुराने स्वयंपाकघर भरलं होतं, आणि चांगुणाबाई खिडकीकडे तोंड करून शांत बसल्या होत्या.

नाकाच्या डॉक्टरांनी समजावून सांगितलं. नाकाच्या वरच्या अंगाला केसाहून बारीक तंतू असतात, डोकं जोरात आपटलं की ते तुटतात. कधी पुन्हा जुळतात, कधी नाही. वाट बघायची.

वाट बघता बघता त्यांना झोपेची गोडी लागली, कारण स्वप्नात सगळे वास होते. डोळा लागला की त्या मंडणगडच्या घराच्या पडवीत असायच्या. सारवलेल्या जमिनीचा ओलसर वास, पेंढ्याचा, आईच्या लुगड्याला लागलेल्या चुलीच्या धुराचा. कधी त्या कढईपाशी असायच्या, कढई खाडीएवढी मोठी, त्यात धणे लाटांसारखे हलत असायचे, आणि प्रत्येक लाटेचा वास वेगळा. स्वप्नात घडायचं काहीच नाही. कोणी भेटायचं नाही, बोलायचं नाही. नुसते वास यायचे आणि जायचे, आणि त्या मधोमध उभ्या राहून ते घेत असायच्या. जाग आली की पुन्हा धुतलेलं जग.

त्या दुपारी झोपल्या की सिताराम कधीकधी बाजूला पेपर घेऊन बसत. एकदा त्यांनी मैत्रीला फोनवर सांगितलं की तुझ्या आईच्या नाकपुड्या झोपेत हलतात, फुलाचा वास घेतल्यासारख्या. ती चार वाजता उठवायला सांगते, पण मला उठवायला होत नाही.

पाय बरा झाला. चालताना किंचित लंगड राहिली, पण उभं राहता येऊ लागलं, तशा त्या कांडपावर गेल्या. शिवरामशेठनी कढई त्यांच्यापुढे ठेवली. पहिले दोन दिवस त्यांनी रंगावर आणि आवाजावर निभावलं. तिसऱ्या दिवशी जुईनगरच्या एका बाईचा मसाला होता, घरात लग्न होतं. चांगुणाबाई कढईवर वाकून वाकून बघत होत्या, तरी दगडफूल करपलं आणि त्यांच्या लक्षात आलं नाही. त्यांच्याआधी रांगेतल्या बायकांनी पदर नाकाला लावले. ते पदर बघून त्यांना कळलं.

शिवरामशेठ ओरडले नाहीत. त्या बाईला त्यांनी आपल्याकडचा मसाला भरून दिला आणि संध्याकाळी चांगुणाबाईंच्या बाजूला येऊन बसले. म्हणाले, "चांगुनाबाय, तुमी आता मिरचीचे देठ खुडाला बसा. नाक परत आला की कढई तुमचीच हाय." देठ खुडायची मजुरी भाजण्याच्या निम्मीही नव्हती. चांगुणाबाईंनी मान हलवली. मिरच्यांच्या ढिगात बसल्यावर मात्र त्यांना ठसका लागायचा, डोळ्यांतून पाणी यायचं, आणि दर वेळी क्षणभर वाटायचं की आलं, नाक परत आलं.

हाच ठसका त्यांना नडला.

नुकसानभरपाईचा दावा ओळखीच्या एका वकिलाने दाखल केला होता. टेम्पोचा विमा होता, त्यामुळे समोर विमा कंपनीचा वकील. चांगुणाबाईंना साक्षीला उभं केलं, तेव्हा त्याने अगदी सौम्यपणे विचारलं की मिरची कुटली जाते तिथे तुम्हाला ठसका लागतो का. त्या लागतो म्हणाल्या. डोळ्यांत पाणी येतं का. येतं. भाजताना मसाल्याचा रंग बदललेला डोळ्यांना दिसतो ना. दिसतो. आभार मानून तो खाली बसला. त्यांच्या वकिलाने नाकाच्या डॉक्टरांना साक्षीला बोलावलंच नव्हतं. निकाल आला त्यात पायाचं लिहिलं होतं, औषधपाण्याचं लिहिलं होतं, घरी बसल्या तेवढ्या दिवसांची मजुरी धरली होती. वासाबद्दल एवढंच होतं की पुरावा नाही. अर्जदार बाईंना ठसका लागतो हे त्यांनी स्वतःच कबूल केलं आहे, म्हणजे नाक चालू आहे.

मैत्रीने ते वाचून दाखवलं. सितारामांचं म्हणणं पडलं की आले तेवढे पैसे घेऊन गप्प बसावं, कोर्टाच्या पायऱ्या चढायला आता तो पायही राहिला नाही.

"पैशाचं नंतर बघू," चांगुणाबाई म्हणाल्या. "पण माझं नाक चालू आहे असं लिहिलंय त्यांनी. म्हणजे मी एवढे दिवस नाटक करते?"

दुसऱ्या दिवशी सितारामच अॅडव्होकेट मनस्वीकडे जाऊन आले. ती नेरूळची मुलगी, ऑफिस बेलापूरला, आणि तिच्या आईचा वर्षाचा मसाला कैक उन्हाळे चांगुणाबाईंनीच भाजला होता. तिने निकाल वाचला आणि हायकोर्टात अपील करू म्हणाली. ठसका आणि वास या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, तिखट झोंबतं ते वेगळ्या नसेला, हे कुठल्याही डॉक्टरने सांगितलं असतं. कुणी विचारलंच नाही. आणि हाताने काम करणाऱ्याचा हात जावा तसं यांचं नाक गेलंय, हे कोर्टाला सांगावं लागेल. त्यासाठी वेळ लागेल, हेही तिने सांगितलं.

वेळ लागला. तारखा पडत गेल्या, दोन उन्हाळे चांगुणाबाई देठ खुडत बसल्या. तिसऱ्या उन्हाळ्याच्या तोंडावर मैत्रीला दिवस गेले, म्हणून त्या काही दिवस उरणला जाऊन राहिल्या.

तिथली एक दुपार त्यांना पुढे कायम लख्ख आठवत राहिली. जेवणं झाली होती, मैत्री आतल्या खोलीत पडली होती, पंखा घरघरत होता. चांगुणाबाई स्वप्नात आईच्या अंगणात होत्या. अंगणभर आमसुलं वाळत घातली होती, आणि त्यांचा तो आंबट, काळसर, जिभेच्या मुळाशी पाणी आणणारा वास. त्या जाग्या झाल्या. पंखा दिसला, भिंतीवरचं बाबासाहेबांचं चित्र दिसलं, खिडकीतलं ऊन दिसलं. आणि वास गेला नाही.

त्या हलल्या नाहीत. हललो तर सांडेल, असं वाटलं. मग हळूच उठल्या. स्वयंपाकघरात गेल्या, डबे उघडले, पण वास डब्यांतून येत नव्हता. दाराशी जरा जास्त वाटला. त्यांनी चपला घातल्या आणि दार ओढून घेऊन बाहेर पडल्या. गल्लीत कोणी नव्हतं, एका ओट्यावर कोळणीचं जाळं पसरलेलं होतं. वास पुढे होता. त्या त्याच्या मागून चालल्या, कुणी हात धरून न्यावं तशा, लंगडत, पण न थांबता. घरं संपली, मोकळी जमीन लागली, पुढे मिठागराचे चौकोन, त्यांत आभाळ पडलेलं. पाण्यावर पांढरे बगळे इतके स्थिर, की खरे आहेत का ते कळेना. आमसुलांचा वास आता सगळीकडे होता, त्या पाण्यातून, आभाळातून येत होता. चांगुणाबाई बांधावर उभ्या राहून रडत होत्या आणि श्वास आत घेत होत्या, सोडायचा म्हणून सोडत होत्या.

मग एक ट्रेलर हॉर्न वाजवत रस्त्यावरून गेला. त्यांनी पुन्हा श्वास घेतला आणि तो कोरडा आला.

घरी परतल्यावर त्यांनी मैत्रीला काही सांगितलं नाही. दोन दिवस विचार केला. अपिलाची तारीख जवळ आली होती. कागदावर लिहिलं होतं की वास गेलाय, आणि वास तर आला होता. बोललो नाही तर आपण नाटक करतो हेच खरं होईल, या विचाराने त्यांचं अन्न गोड लागेना. मग त्या बस पकडून बेलापूरला मनस्वीच्या ऑफिसात गेल्या.

मनस्वीने ऐकून घेतलं. पेन खाली ठेवलं.

"मावशी, हे खरंच असेल तर माझ्यासारखा आनंद कुणाला होणार नाही. पण मग अपिलात काही उरत नाही, हे तुम्हाला कळतंय ना?"

"जाऊ दे अपील," चांगुणाबाई म्हणाल्या. "नाक येत असेल तर काय करायचंय अपील."

मनस्वी म्हणाली की आपण स्वतःहून कोर्टाकडे तपासणी मागू. मोठ्या सरकारी हॉस्पिटलात, डॉक्टरांच्या मंडळासमोर. ते जे सांगतील ते. चांगुणाबाईंना हे एकदम पटलं. इतकं, की परतताना त्यांना तपासणीची भीती नव्हती, उलट लग्नघरी निघाल्यासारखं वाटत होतं. त्यांना हरायचं होतं. अपील हरून, शिवरामशेठच्या कढईपाशी जाऊन बसायचं होतं.

कोर्टाने तपासणीचा आदेश दिला. खोली थंड होती, पडदे ओढलेले. एक तरुण डॉक्टरीण बाई होत्या, मऊ आवाजाच्या. त्यांनी चांगुणाबाईंच्या डोळ्यांवर कापडी पट्टी बांधली आणि सांगितलं की मी एकेक बाटली नाकाशी धरेन, वास आला तर काय आहे ते सांगा, नाही आला तर नाही म्हणा. पट्टीखाली अंधार होता आणि अंधारात चांगुणाबाईंना स्वप्नासारखंच वाटायला लागलं. पहिली बाटली आली. काही नाही. दुसरी, काही नाही. तिसरीत काहीतरी झोंबलं, पण वास नव्हता, तेही त्यांनी सांगितलं. चौथी, पाचवी. त्या नाही म्हणत राहिल्या, दर वेळी जरा हळू आवाजात.

मग एक बाटली आली आणि अंधारात जायफळ उगाळल्यासारखं झालं. स्पष्ट. सहाणेवरचं ओलं जायफळ, मैत्री लहान असताना तिला चाटवायच्या तसलं.

"जायफळ," चांगुणाबाई म्हणाल्या. त्यांचा हात आपोआप पुढे गेला. "हे जायफळ आहे. आलं बघा, मॅडम."

बाटली दूर झाली, वास तसाच राहिला, मग विरला. आणखी काही बाटल्या झाल्या. पट्टी सोडल्यावर चांगुणाबाईंनी आधी टेबलाकडे बघितलं. बाटल्यांवर चिठ्ठ्या होत्या. त्यांनी जायफळाची कुठली ते विचारलं.

बाईंनी एक बाटली उचलून त्यांच्या हातात दिली. आत स्वच्छ पाणी होतं.

"यात काहीच नव्हतं, आजी," त्या म्हणाल्या. आजी म्हणायचं चांगुणाबाईंचं वय नव्हतं, पण त्या तसं म्हणाल्या. "काही पेशंटना असं होतं. नाकातून आत काही जात नाही, पण मेंदूला जुने वास आठवतात, आणि तो ते देत राहतो. तुम्ही खोटं बोललात असं नाही. तुम्हाला वास आला. फक्त तो बाहेरून आला नाही."

परत येईल का, हे चांगुणाबाईंनी विचारलं. एवढा काळ गेल्यावर नाही येत, असं बाईंनी सांगितलं, आणि खाली मान घालून लिहू लागल्या.

बाहेर बाकड्यावर सिताराम बसले होते. चांगुणाबाई त्यांच्या शेजारी बसल्या. आपण केस जिंकणार असं दिसतंय, एवढंच त्यांनी सांगितलं. सिताराम हसले नाहीत. त्यांनी बाटलीतलं थंड पाणी पुढे केलं, ते चांगुणाबाईंनी घेतलं नाही.

सुनावणीच्या दिवशी चांगुणाबाई आणि मैत्री उरणहून मोरा बंदरातल्या लाँचने निघाल्या; सिताराम तब्येत बरी नसल्याने शिरवण्यालाच थांबले. भरती होती, धुकं होतं, दूरवरची जहाजं आभाळात टांगल्यासारखी दिसत होती. भाऊच्या धक्क्याला उतरल्या तेव्हा मासळीचे ढीग पडले होते. मैत्रीला सातवा महिना, तिने ओढणी नाकातोंडावर घट्ट दाबली, तरी तिला उलटीची उबळ आली. चांगुणाबाई तिच्या पाठीवर हात ठेवून त्या बाजारातून स्वच्छ पाण्यातून चालावं तशा चालल्या.

कोर्टाची खोली उंच छताची. वर पंखे फिरत होते, खाली काळे कोट ये-जा करत होते. मनस्वीने ठसक्याचं सांगितलं, मंडळाचा अहवाल दिला, भाजणीचं काम म्हणजे काय ते सांगितलं. समोरचा वकील म्हणाला की बाई अजूनही त्याच ठिकाणी कामाला जातात, म्हणजे रोजगार गेलेला नाही. मनस्वी म्हणाली, जातात, देठ खुडायला. न्यायमूर्ती अहवाल वाचत होते. वाचता वाचता एका ठिकाणी थांबले, चष्मा काढला आणि मागच्या बाकाकडे बघून मराठीत विचारलं की अपीलकर्त्या आल्या आहेत का.

चांगुणाबाई उभ्या राहिल्या.

"बाई, तपासणीची मागणी तुमच्याच वकिलांनी केली होती. का?"

"मला वास आला होता, साहेब. म्हणून सांगितलं त्यांना."

"आणि आता येतो?"

चांगुणाबाईंनी विचार केला. खोटं बोलायचं नव्हतं, आणि खरं काय ते सांगायला शब्द कमी होते.

"झोपेत येतो," त्या म्हणाल्या.

न्यायमूर्तींनी मान हलवून बसायला सांगितलं. समोरच्या वकिलाला आणखी काही म्हणायचं आहे का, असं त्यांनी विचारलं. त्याने नाही म्हटलं.

निकाल आला तो काही आठवड्यांनी. अपील अंशतः मंजूर झालं. मागितलं होतं तेवढं नाही मिळालं. मनस्वीने सांगितलं की कामाची क्षमता किती गेली ते कोर्टाने आपण म्हटलं त्यापेक्षा कमी धरलं, पण आधीच्या निकालापेक्षा रक्कम बरीच वाढली आणि व्याजही धरलं. मैत्रीने फोनवरून निकालातला तो भाग हळूहळू मराठीत सांगितला. ठसका लागणं म्हणजे वास येणं नव्हे. अपीलकर्तीने प्रामाणिकपणे साक्ष दिली आहे. तिची वासाची संवेदना कायमची गेली आहे आणि तिच्या व्यवसायात हे मोठं अपंगत्व आहे.

"प्रामाणिकपणे लिहिलंय?" चांगुणाबाईंनी विचारलं.

"लिहिलंय."

त्यांनी ते पुन्हा एकदा सांगायला लावलं. प्रामाणिक बाईची जागा त्यांना मिळाली होती, नाटकी बाईची गेली होती. पण दुसऱ्यांदा ऐकताना 'कायमची' हा शब्द आला तेव्हा त्यांनी फोन कानापासून थोडा लांब धरला. सितारामांना तो शब्द दुरून ऐकू गेला. त्यांनी पेपरची घडी घातली आणि चहा ठेवायला उठले.

पैशातून दवाखान्याची उरलेली देणी फिटली. चांगुणाबाईंनी देठ खुडणं सोडलं. शिवरामशेठनी विचारलं, रागावलात का, तर त्या म्हणाल्या की नाही, आता मुलीच्या बाळंतपणाला जायचंय.

मैत्रीला मुलगी झाली. उरणच्या त्या घरात सकाळी चांगुणाबाई नातीला पायांवर घेऊन न्हाऊ घालायच्या, तेलाने चोळायच्या, मग शेगडीवर ओवा-वावडिंग टाकून धुरी द्यायच्या. धूर निळा उठायचा, बाळ डोळे मिचकवायचं. शेजारच्या बायका बाळाला उचलून तिच्या टाळूला नाक लावायच्या आणि डोळे मिटून घ्यायच्या. चांगुणाबाईही लावायच्या. टाळू ऊन लागायची, मऊ लागायची, आत धडधडणारी. तेवढंच.

स्वप्नं आता पातळ झाली होती. आईचं अंगण यायचं, पण आमसुलं लांब असायची; कढई यायची, पण वास धूसर, जुन्या पेटीतल्या कपड्यांना असावा तसा. मेंदू जुना माल देतोय, तो संपत आलाय, असं त्यांना वाटायचं आणि त्या त्याबद्दल कुणाशी बोलायच्या नाहीत.

एका दुपारी त्या बाळाशेजारी पडल्या असताना डोळा लागला. या वेळी अंगण नव्हतं, कढई नव्हती, दिसण्यासारखं काहीच नव्हतं. नुसता उबदार अंधार, आणि त्यात एक वास. पेजेसारखा, पण पेज नव्हे. उन्हात वाळलेल्या मऊ कापडासारखा, पण तेही नव्हे. त्यांनी तो ओळखायचा प्रयत्न केला आणि त्यांना तो ओळखता येईना. मैत्री एवढीशी होती तेव्हाचा असेल? पण तो त्यांना पाठ होता. हा त्यांनी आयुष्यात कधी घेतलेला नव्हता. मग मेंदूने तो दिला कुठून?

जाग आली तेव्हा वास गेला होता. बाळ त्यांच्या दंडाशी डोकं टेकून झोपलं होतं. चांगुणाबाई तशाच पडून राहिल्या, त्यांनी दबक्या आवाजात मैत्रीला हाक मारली. ती ओले हात पुसत आली.

"हिच्या टाळूचा वास घे," त्या कुजबुजल्या. "पेजेसारखा येतो का गं? उन्हातल्या कपड्यासारखा?"

मैत्रीने त्यांच्याकडे बघितलं. मग ती गुडघ्यांवर बसली, बाळाच्या डोक्यावर वाकली आणि डोळे मिटून सावकाश श्वास घेतला.

"पेजेसारखा... हो, आहे तसा," ती म्हणाली. "पण आणखी काहीतरी आहे. थांब हं."

ती पुन्हा वाकली. चांगुणाबाई तिच्या चेहऱ्याकडे बघत राहिल्या.